‘अज्ञात नट’ कोणाला म्हणता?

आजच्या समारंभाच्या अध्यक्षा आदरणीय संयोगिताताई. ज्यांना निरोप द्यायला आपण सगळे जमलो आहोत ते आपल्या मूकपट मित्रमंडळाचे संस्थापक अध्यक्ष प्राध्यापक धन्यकुमार मगदूम सर. त्यांच्या सौभाग्यवती कीर्तीवहिनी. विट्याहून मुद्दाम आलेले आमचे मित्र कृष्णात. मंडळाचे सभासद, आणि सांगलीकर रसिकहो. सूत्रसंचालकांनी सगळ्यांची नावं घेतली, फक्त एक राहिलं. घाईत राहिलं असेल, असं मी समजतो. पहिल्या रांगेत खांबाजवळच्या खुर्चीवर मलकापूरच्या रंगूबाई आजी बसल्या आहेत. वय नव्वदीच्या पुढं. नातसून क्रांती हिच्यासोबत एसटीनं आल्या आहेत. रंगूबाई, तुम्हालाही माझा नमस्कार.

मला सरांच्या गौरवाचे दोन शब्द बोलायला सांगितलं आहे. ते मी बोलणार आहे. पण माझा स्वभाव तुम्हाला माहीत आहे. कुपवाडला माझं मोटर रिवायंडिंगचं दुकान आहे. तारेचा एक वेढा कमी पडला तरी मोटर तापते, आणि वेढा कमी पडलाय हे दिसत असताना गप्प बसलं तर मी तापतो. आज तसंच झालं आहे, हे आधीच सांगून ठेवतो.

सरांचे माझ्यावर उपकार आहेत. मी दहावीच्या पुढं शिकलो नाही. जे शिकलो ते पुस्तकं विकत घेऊन, यंत्रं खोलून आणि सरांशी वाद घालून. त्यांच्या घरी पहिल्यांदा गेलो तो मध्येच बंद पडणारा प्रोजेक्टर दुरुस्त करायला. पांढऱ्या भिंतीवर सरांनी एक विलायती मूकपट लावून दाखवला. दोन रिळांचा, विनोदी. एक माणूस शिडी घेऊन चालतो आहे, मागं वळतो आहे, आणि शिडीचं टोक दर वेळी कोणाच्या तरी डोक्यात बसतं आहे. मी इतका हसलो की वहिनींनी ठेवलेला चहा निवून गेला. वहिनी, आठवतं का? तुम्ही म्हणालात, “आवं, मोटर दुरुस्त करा आधी, मग हसा.”

पुढं याच सभागृहात मंडळाचा पहिला खेळ झाला. माणसं पडद्यावर तुरुतुरु पळू लागली आणि लोक लोटपोट झाले. अर्ध्यावर सर उठले, दिवे लावले आणि म्हणाले, “क्षमा करा, खेळ चुकीचा चालला आहे. ही माणसं अशी पळत नव्हती.” मूकपट घेताना हातानं फिरवलेल्या कॅमेऱ्यात सेकंदाला सोळा-अठरा चित्रं पडायची. आपलं यंत्र पुढच्या काळातलं, ते चोवीस चित्रं दाखवत होतं. म्हणून साधी चालणारी माणसं माकडासारखी धावत होती. सर तेव्हा म्हणाले होते, “या नटांनी माकडचेष्टा केल्या नाहीत. त्या आपल्या यंत्रानं केल्या. यंत्राचा दोष नटाच्या माथी मारायचा नाही.” त्या वाक्यावर मी मोटर नव्यानं बांधली, तिला रेग्युलेटर बसवला. तेव्हापासून या सभागृहात कुठलाही मूकपट चुकीच्या वेगानं चालला नाही. महाराष्ट्रात असं किती ठिकाणी घडतं, ते विचारून बघा.

ते वाक्य मी पाठ केलं. आज सरांनाच परत म्हणून दाखवायची वेळ येईल, असं वाटलं नव्हतं.

व्यासपीठावर टेबलावर झेंडूच्या माळेत एक पत्र्याचा डबा ठेवला आहे. तो डबा उद्या पुण्याला जतनासाठी जाणार. त्यात आपल्या मंडळाची सगळ्यात मोठी कमाई आहे. ती कशी मिळाली ते बऱ्याच जणांना माहीत नाही, कारण आज पाऊण तास झालेल्या भाषणांत कृष्णातचं नाव आलंच नाही. विट्याच्या मंडळींचा गलाईचा धंदा आपल्याला नवा नाही. सोनं-चांदी गाळायची दुकानं त्यांनी देशभर थाटली आहेत. कृष्णातचं दुकान कोइमतूरला. आता तुम्ही म्हणाल, गलाईचा आणि सिनेमाचा काय संबंध? जुन्या फिल्मवर चांदीचा थर असतो. ती धुऊन, जाळून चांदी काढतात. आपल्या देशातले किती मूकपट असे भट्टीत गेले, याचा हिशेब कोणी ठेवलेला नाही. एक भंगारवाला असाच पोतंभर रिळं घेऊन कृष्णातच्या दुकानात आला. कृष्णातनं एक पट्टी सहज उजेडाला धरली, तर आत फेटा बांधलेला माणूस आणि बैलगाडी.

मी त्याला विचारलं होतं, “तू ते का नाही जाळलंस रं?”

तर म्हणाला, “गड्या, बैलांची जुपणी बघितली. आपल्याकडची जुपणी हाय ती. कोइमतुरात बसून आपली बैलगाडी कशी जाळायची?”

हा गडी ते रीळ जुन्या लुगड्यात गुंडाळून रेल्वेनं घेऊन आला. ती नायट्रेटची फिल्म असते, ठिणगी पडली तर डबा पेटेल, हे त्याला ठाऊक नव्हतं. ठाऊक नव्हतं म्हणून ते आणलं. पण पुन्हा असं करू नकोस, कृष्णात.

मूळ रीळ आम्ही चालवलं नाही. पुण्याहून संगणकावर नक्कल काढून आणली, तीसुद्धा योग्य वेगाची. एक रिळाचा विनोदी पट. सुरुवातीचा भाग फाटलेला, त्यामुळं नाव नाही, नटांची यादी नाही. गोष्ट म्हणाल तर काहीच नाही. नवा जावई सासुरवाडीला निघाला आहे. बैलगाडीच्या मागच्या फळीवर पाय सोडून बसून भाकरी खातो आहे. बैल हिसका देतात, गाडी पुढं जाते, आणि हा माणूस होता तिथंच राहतो, खाली रस्ता. तो पाठीवर सपाट पडतो. पण भाकरीचा हात वरच आहे. पडल्या पडल्या तो आणखी एक घास घेतो. मग उठून बसतो, आणि स्वतःच्या अंगावरची धूळ न झाडता भाकरीवरची झाडतो.

तुम्ही हसलात. हसा, त्यासाठीच तो पडला. पण मी ते चित्र एकेक करून पाहिलं आहे. मध्ये कुठं कात्री नाही, खाली गवत नाही, कंबरेला दोरी नाही. उघड्या दगडी रस्त्यावर माणूस पाठीवर पडला आहे आणि मान त्यानं बरोबर तेवढीच उचलून धरली आहे जेवढ्यात डोकं फुटणार नाही. ही विद्या कुठल्या शाळेत शिकवत होते? त्या काळात राजाचं काम करणाऱ्याचं नाव जाहिरातीत मोठ्या अक्षरात यायचं. तलवार घेऊन नुसता उभा राहणाऱ्याचंही यायचं. आणि जो खरोखर पडला, ज्याच्यासाठी लोक पुन्हा तिकीट काढायचे, त्याचं नाव? “तो पडणारा.” बस्स. विलायतेत निदान त्यांची पुस्तकं निघाली. आपल्याकडं पडणाऱ्याची आठवण तो पडला तिथंच संपली.

पण याची संपली नव्हती. रिळातला फेटेवाल्याचा फोटो वर्तमानपत्रात छापून आला. मलकापुरात क्रांतीनं तो आजेसासूला मोबाईलवर मोठा करून दाखवला. रंगूबाई म्हणाल्या, “ह्यो माझा बा.” आणि दोघी सांगलीला आल्या.

आपल्या मंडळाच्या समितीनं त्यांची रीतसर मुलाखत घेतली. प्रोजेक्टरवर मी होतो. सरांनी पद्धत अगदी योग्य ठेवली, ते मी मान्य करतो. आधी पट दाखवायचा नाही, आधी त्यांना काय आठवतं ते विचारायचं. सरांनी विचारलं, “आजी, तुम्ही वडिलांना कधी पाहिलंत?”

“समोर कवाच न्हाई. मी पोटात असताना गेलं ते कंपनीत, म्हागारी आलंच न्हाईत. जत्रंत तंबू आल्ता, तितं पडद्यावर बघितलं, येकदाच. मी सा-सात वर्साची आसंन. आई म्हनली, त्यो बघ तुजा बा.”

“काय करत होते ते पडद्यावर?”

“गाडीवनं पडलं. डाव्या हातात भाकरी हुती, ती न्हाई पडली.”

“डाव्या हातात?”

“व्हय, डाव्याच. आन् उजव्या भिवईवर खोक हुती. आन् गाडी आशी गेली.” त्यांनी उजवीकडून डावीकडं हात नेऊन दाखवला.

मग पट लावला. भाकरी उजव्या हातात. खोक डाव्या भिवईवर. गाडी डावीकडून उजवीकडं. समितीतले एक सभासद हसले. ते आज सभागृहात आहेत, नाव घेत नाही. ते म्हणाले, “आजी, तुमचा पिक्चर दुसरा दिसतोय.” दुसरे म्हणाले, “वय झालं की होतं असं.” सर हसले नाहीत, पण त्यांनी वहीत फुली मारली आणि अत्यंत सभ्य आवाजात सांगितलं, “रंगूबाई, तीन गोष्टी सांगितल्यात, तिन्ही चुकल्या. हे तुमचे वडील नव्हेत.”

रंगूबाई रागावल्या नाहीत. पडद्याकडं बघत एवढंच म्हणाल्या, “मग माझा बा कंचा?”

समितीनं त्यांना चहा दिला आणि स्टँडवर सोडलं.

मला त्या रात्री झोप लागली नाही, असं काही मी सांगणार नाही. मला झोप चांगली लागते. पण दुकानात मोटर उघडताना तेच डोक्यात येत राहिलं. तिन्ही चुकल्या. अहो, आठवण पुसट झालेल्या माणसाची एखादी गोष्ट तरी बरोबर येते. अंदाजानं बोलणाऱ्याचीही येते. इथं तिन्ही चुकल्या, आणि तिन्ही एकाच प्रकारे चुकल्या. तीनदा बरोबर उलट. मोटर उलटी फिरत असेल तर आम्ही ती बिघडली म्हणत नाही, जोडणी बघतो.

रविवारी मी मोटारसायकलवर मलकापूरला गेलो. एकच प्रश्न विचारला. “आजी, त्या तंबूत तुम्ही बसला कुठं होता?”

त्या म्हणाल्या, “बायका जितं बसायच्या तितंच की. पडद्याच्या माघारी.”

सर, तुम्हाला या विषयातलं माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे. हेही माहीत असणार. तंबूचा पडदा मधोमध असायचा. पुरुष एका अंगाला, बायका दुसऱ्या. कापड पाण्यानं चिंब भिजवायचे, म्हणजे उजेड आरपार जायचा आणि एकाच यंत्रावर दोन्हीकडची माणसं बघायची. पुढून बघणाऱ्यांना सुलटं, मागून बघणाऱ्यांना उलटं. मधली अक्षरंसुद्धा बायकांना उलटीच दिसायची. पण तिथं बसलेल्यांत वाचता येणारी होती कोण, तक्रार करायला? आपल्या भागातल्या बायकांनी सिनेमा म्हणून जे पाहिलं ते असं पाहिलं. सगळे राजे डावखुरे, सगळे देव डाव्या हातानं आशीर्वाद देणारे. आणि आपण मंडळात वीस वर्षं मूकपटांवर व्याख्यानं दिली, त्यांत या अर्ध्या प्रेक्षकांचा उल्लेख कधी केला का? मीही ऐकली आहेत ती व्याख्यानं. आपण सगळे पडद्याच्या पुढच्या बाजूनं बोलत होतो.

रंगूबाईंनी त्या दिवशी मला आणखी एक गोष्ट सांगितली. ती समितीनं विचारली नव्हती. जत्रेहून परत आल्यावर ही सहा-सात वर्षांची पोर बापासारखी डाव्या हातानं भाकरी खायला लागली. आईनं हातावर उलथनं मारलं. म्हणाली, “तितं जाऊन त्यो बिगडला तेवडं बास. घरात आसतुया तवा चांगला उजव्या हातानं खाईत हुता. कंपनीनं उलटं शिकवलं त्याला.”

लक्षात आलं का तुमच्या? त्या माउलीनं पडद्यामागून नवऱ्याला डाव्या हातानं जेवताना पाहिलं आणि तिला वाटलं, माणूस वाया गेला. साधी रीतही विसरला. मग तो परत कशाला येईल? तिनं पुन्हा त्याचं नाव काढलं नाही, पोरीला काढू दिलं नाही. मरेपर्यंत हाच समज. बिघडलं काही नव्हतं. ओल्या कापडाची चुकीची बाजू तिच्या वाट्याला आली होती, एवढंच.

मी दोघींना कुपवाडला आणलं. दुकानात दोन लाकडी घोड्यांवर धोतर ताणून बांधलं, भिजवलं, पुढून प्रोजेक्टर लावला आणि रंगूबाईंना मागं स्टुलावर बसवलं. पट सुरू झाला. गाडी उजवीकडून डावीकडं आली. भाकरी डाव्या हातात. मी काही विचारलं नाही. त्याच आधी बोलायला लागल्या. “आता पडंल. आता धूळ झाडंल, भाकरीवरली.” तो पडला, त्यानं धूळ झाडली. मग त्या म्हणाल्या, “आता लुगडंवाली बाई येऊन कपाळाला हात लावंल.” सर, त्या मुलाखतीत पट गाडीपाशीच थांबवला होता. लुगडंवाली बाई त्यानंतर येते. रंगूबाईंना ती कुठून कळली? येते, आणि कपाळाला हात लावते. डावा. म्हणजे खरा उजवा.

पट संपल्यावर मी त्यांना पुढच्या बाजूला आणून बसवलं आणि तोच पुन्हा लावला. त्यांनी पूर्ण बघितला. शेवटी क्रांतीला म्हणाल्या, “उजव्या हातानंच खात हुता की गं. आईला सांगाया पायजे हुतं.”

हे सगळं मी सरांना फोन करून सांगितलं. शब्द न् शब्द. सर काय म्हणाले ते सांगतो, कारण फोन स्पीकरवर होता आणि दुकानातल्या माणसांनी तो ऐकला आहे. “मानसिंग, तुझं म्हणणं फार गमतीचं आहे. पण मी आता मुलाकडं, सन्मतीकडं, बेंगळुरूला कायमचा निघालो. जाता जाता नोंद कशाला फिरवू? पुढचे अध्यक्ष बघतील.”

गमतीचं? सर, यात गंमत कुठली? नव्वदी ओलांडलेल्या बाईला तुम्ही पुढच्या अध्यक्षांची वाट बघायला सांगताय. पुढचे अध्यक्ष अजून ठरलेले नाहीत. पुढची सभा दिवाळीनंतर. डबा उद्या जातोय. डब्याबरोबर जी नोंद जाईल तीच पुस्तकांत छापली जाईल, तीच पुढच्या प्रत्येक खेळाच्या आधी पडद्यावर येईल, आणि ती एकदा रुजली की बदलायला पन्नास वर्षं जातात, हे तुम्हीच आम्हाला शिकवलंत. आज डब्यावर चिठ्ठी आहे, “एक रिळाचा विनोदी पट. अज्ञात नट.” अज्ञात कोणाला? आपल्याला. त्यांच्या मुलीला नाही. त्यांचं नाव आकाराम दौलू थोरात. गाव मलकापूर. जत्रेत मल्लखांब खेळायचे, तिथून कोणी कंपनीवाला घेऊन गेला. पुढं काय झालं, कुठं वारले, कोणाला माहीत नाही. त्यांनी जगात ठेवलेली वस्तू एकच, ती या डब्यात आहे.

तुम्ही म्हणाल, एवढ्यावरून ते आकारामच हे सिद्ध होतं का? मी बारकाव्याचा माणूस आहे, सिद्ध झालं असं म्हणणार नाही. पण तुम्ही ज्या तीन गोष्टींवर फुली मारलीत त्या तिन्ही आता त्यांच्या बाजूनं उभ्या आहेत. मग फुली का उभी? चिठ्ठीवर काय लिहावं ते मी लिहून आणलं आहे, जेवढं खरं तेवढंच: “आकाराम दौलू थोरात, मलकापूर. कन्या रंगूबाई यांच्या ओळखीवरून.” यात एकही शब्द खोटा नाही. “अज्ञात” हा शब्द मात्र आता खोटा आहे.

सर, तुम्ही त्या दिवशी खेळ थांबवून दिवे लावले होतेत. यंत्राचा दोष नटाच्या माथी मारायचा नाही म्हणालात. मग पडद्याचा दोष या आजींच्या माथी का? त्या वेळी तुम्हाला लोकांची लाज वाटली नाही, आज कशाची वाटते? मंडळाचे अध्यक्ष तुम्ही या समारंभाच्या शेवटापर्यंत आहात. मंडळाची घटना मी वाचून आलो आहे. सही तुमचीच चालते.

संयोगिताताई, तुम्ही मघापासून चिठ्ठी पाठवताय, वेळ झाला म्हणून. बरोबर आहे, झाला. ठरल्याप्रमाणं सरांना शाल मी घालायची आहे. ती मी घालणार, मनापासून घालणार, कारण या माणसानं मला बघायला शिकवलं. रागावलो ते त्यामुळंच. परक्यावर इतकं कोण रागावतं?

कीर्तीवहिनी काहीतरी म्हणाल्या. जरा मोठ्यानं सांगा, वहिनी. ऐकू आलं का सगळ्यांना? वहिनी म्हणतात, “उठा आता, लिहून टाका. गाडीत बसल्यावर मला ऐकवत बसाल.”

सर उठले. बसा सगळे, कोणी टाळ्या वाजवू नका, त्यांना लिहू द्या. सर, माळ बाजूला करा. जुनी चिठ्ठी खरवडू नका, निघणार नाही, मीच चिकटवली आहे. तिच्यावरच नवी लावा. कृष्णात, डबा धर जरा, हलतोय. … नाही सर, थोरात आधी नको, आकाराम आधी. दौलू. हां. आता खाली सही, आणि तारीख.

झालं. माझ्याकडून बोलण्यात मर्यादा ओलांडली गेली असेल. सरांचा, समितीतल्या सभासदांचा, कोणाचाही अवमान करण्याचा हेतू नव्हता. ज्यांना शब्द टोचला असेल त्यांनी तो पोटात घालावा. तुम्ही इतका वेळ ऐकून घेतलंत, आभारी आहे. सर, वहिनी, प्रवास सुखाचा होवो.

रंगूबाई विचारताहेत, काय लिहिलं. मी नाही सांगत, आजी. ज्यांनी लिहिलं ते वाचून दाखवतील. सर, हा घ्या माईक.